वहिनीची जांभळी पट्टी

माझी वहिनी रागावलेली मी फारशी पाहिली नाही, पण वैतागलेली रोज पाहिली. या दोन्हींत फरक आहे. रागावलेला माणूस आरडाओरडा करतो आणि मोकळा होतो. वहिनी चपला घालता घालता वैतागायची, जिना उतरता उतरता वैतागायची, आणि सकाळचा वैताग तिला संध्याकाळपर्यंत बिनतक्रार पुरायचा.

घरात आम्ही चौघं. दादा पाणीपुरवठा खात्यात मीटर तपासायचा. मी चष्म्याच्या दुकानात भिंगं घासायला बसायचे. बाबा निवृत्त होऊन सगळ्यांना सल्ले द्यायचे. भाची शिकायला बाहेरगावी गेली होती. आणि वहिनी एका शाळेत विज्ञान शिकवायची. चाळिशी उलटल्यावर एक दिवस तिनं ती नोकरी सोडली आणि संशोधन करायला एका लॅबमध्ये जाऊन बसली. सगळ्यांना वाटलं, हिचं डोकं फिरलं. दादा म्हणाला, "निदान चेंज तरी होईल." वहिनीनं त्याच्याकडे असं पाहिलं की त्यानं पुढं कधी 'चेंज' हा शब्द घरात उच्चारला नाही.

नोकरी सोडायला कारण झाल्या तिच्या शाळेतल्या चित्रकलेच्या बाई. दोघींची जुनी मैत्री, एकाच डब्यात जेवायच्या. चित्रकलेच्या बाईंना ताप यायला लागला. आज येतोय, उद्या जातोय, परवा पुन्हा हजर. मलेरियाच्या गोळ्या झाल्या, टायफॉइडची औषधं झाली, कोणीतरी टीबीचाही कोर्स सुरू केला. वजन उतरत गेलं, चेहरा काळवंडला आणि पोटात डाव्या बाजूला पानथरी एवढी सुजली की साडीची गाठ नीट बसेना. शेवटी एका डॉक्टरनं हाडात सुई घालून मगज काढला, सूक्ष्मदर्शकाखाली पाहिला, तेव्हा कळलं की एका बारीकशा माशीच्या चाव्यातून अंगात शिरलेला परजीवी त्यांच्या पेशींच्या आत घर करून बसलाय.

उपचार झाले, बाई बऱ्या झाल्या. वर्षभरानं पुन्हा ताप. आता हा तोच आजार उलटलाय की साधा ताप आहे, ते कोणाला सांगता येईना. कारण रक्ताची जी तपासणी होती ती एकदा आजार झाला की पुढं कित्येक वर्षं 'आहे, आहे' म्हणत राहायची. शरीराला आठवण राहते, तिची ती तपासणी. परजीवी आत्ता, या घडीला जिवंत आहे का, हे तिला कळतच नव्हतं. म्हणजे पुन्हा सुई. वहिनी त्यांच्याबरोबर हॉस्पिटलात गेली होती. बाईंनी तिचा हात इतका घट्ट दाबला होता की वहिनीची बांगडी वाकली. निकाल आला : साधाच ताप. सुई फुकट.

त्या दिवशी घरी येऊन वहिनी जी वैतागली ती लॅबमध्ये नाव घालेपर्यंत थांबली नाही.

लॅबचे सर वहिनीपेक्षा दहाएक वर्षांनी लहान होते. ती त्यांना सर म्हणायची, ते तिला मॅडम म्हणायचे, आणि दोघांनाही ते जरा अवघड जायचं. बाकीची मुलं तिला 'बाई' म्हणू लागली, कारण पहिल्याच आठवड्यात तिनं कोणाला तरी "एका वेळी एकानं बोला" असं सुनावलं होतं.

सरांचं म्हणणं असं होतं की या परजीवीच्या अंगावर अशी काही तरी खूण असणार जी फक्त त्याचीच असेल. ती खूण ओळखता आली आणि रोग्याच्या लघवीत शोधता आली, तर सुईची गरज नाही. जिवंत परजीवी असेल तर खूण असेल, तो मेला की खूणही जाईल. आणि ती खूण म्हणजे साखर लागलेली चरबी.

हे ऐकून बाबांनी जेवताना विचारलं, "सूनबाई, तू तिथं जाऊन नेमकं करतेस काय?"

"बाबा, आपल्या प्रत्येक पेशीभोवती एक पातळ पदर असतो. तो चरबीचा असतो. त्यातल्या काही चरबीला बाहेरच्या बाजूनं साखरेचे मणी लटकलेले असतात. कुठं दोन, कुठं दहा, कुठं त्याला फांद्या फुटलेल्या. कोण आपला, कोण परका, हे पेशी त्यावरूनही ओळखतात. परजीवीच्या अंगावरही तसेच मणी असतात, फक्त त्यांची जुळणी वेगळी. ती मी शोधते."

"म्हणजे साखर आणि चरबी."

"हो."

"दोन्ही मला डॉक्टरनं बंद केलंय," बाबा म्हणाले. "आणि तुला ते शोधायला सांगितलंय. नशीब असतं एकेकाचं."

दादा ठसका लागेपर्यंत हसला. वहिनी ताट घेऊन उठली.

काम सांगायला सोपं होतं, करायला मेलं भयंकर. परजीवी काचेच्या चपट्या बाटल्यांत वाढवायचे. त्यांना खायला एक गुलाबी द्रव, त्यात वासराच्या रक्तातलं सीरम, म्हणजे रक्त गोठून वर राहतं ते पिवळसर पाणी. ते घातलं नाही तर हे महाशय रुसून मरायचे. चांगले वाढले की गोल फिरणाऱ्या यंत्रात घालून तळाशी बसवायचे, स्वच्छ पाण्यानं पुन्हा पुन्हा धुवायचे, मग क्लोरोफॉर्म आणि मिथेनॉलमध्ये घुसळून त्यांची चरबी बाहेर काढायची. बाटलीभर परजीवींतून चरबी निघायची ती नखावर मावेल एवढी. तिचा एक थेंब पांढरी भुकटी थापलेल्या काचेवर, खालच्या कडेला टेकवायचा आणि काच द्रावणात उभी करायची. द्रावण वर चढताना चरबीचे प्रकार आपापल्या वेगानं वर जातात आणि वेगवेगळ्या उंचीवर थांबतात. मग फवारा मारून काच तापवायची. जिथं साखर असेल तिथं जांभळी पट्टी उमटते.

उमटली तर. पहिले कितीतरी महिने ती उमटलीच नाही. कधी बाटलीत बुरशी. कधी वीज गेली आणि यंत्र मध्येच थांबलं. कधी काचेवर पट्टीऐवजी जांभळा फराटा, लहान मुलानं बोट पुसावं तसा. धूर ओढून घेणारा पंखा बिघडला, तो दुरुस्त करायला आलेला माणूस म्हणाला की हा आमच्या खात्यात येत नाही, आणि ज्या खात्यात येतो त्या खात्यातला माणूस म्हणाला की पंखा आमचा आहे पण त्याची वायर त्यांची. वहिनी क्लोरोफॉर्मच्या वासानं डोकं धरून घरी यायची.

"सोडून दे," दादा म्हणायचा.

"का सोडू? माझं काय चुकलंय?"

"चुकलंय असं कुठं म्हणालो मी?"

"मग सोडून दे का म्हणालास?"

दादा उठून टीव्ही लावायचा आणि आवाज नसलेल्या बातम्या बघत बसायचा.

आणि मग एकदा ती उमटली. वहिनी ती काच रुमालात गुंडाळून सरांच्या खोलीत घेऊन गेली. नेहमीच्या ओळखीच्या पट्ट्या खाली होत्याच, त्यांची वर्णनं जगात कोणीतरी आधीच लिहून ठेवली होती. पण त्यांच्या वर, स्वच्छ, सरळ, गडद, एक नवी पट्टी होती. या परजीवीत अशी पट्टी कोणीच नोंदवली नव्हती. सर खुर्चीतून उठले. त्यांनी काच उजेडाकडे धरली, फिरवली, पुन्हा धरली.

"मॅडम, पुन्हा करा."

तिनं पुन्हा केलं. पुन्हा तीच, तिथंच. सरांना एक शंका होती आणि ती बरोबर होती : हे सीरमच तर नाही ना, बाटलीतून आलेलं? म्हणून तिनं परजीवी धुतल्यावरचं शेवटचं पाणी वेगळं ठेवून त्याचाही थेंब टेकवून काच चढवली. कोरी. पाण्यात काहीच नव्हतं. म्हणजे पट्टी परजीवीचीच. सरांनी सगळ्या मुलांना चहा पाजला. वहिनी त्या दिवशी घरी आली ती गुणगुणत. बाबांनी मला हळूच विचारलं, "हिला ताप वगैरे नाही ना?"

पुढचं दीड वर्ष ती पट्टी आमच्या घरात पाचव्या माणसासारखी राहिली. तिच्यात मणी किती, कोणते, कोणत्या क्रमानं, हे शोधण्यासाठी चरबी हवी होती, आणि चरबीसाठी बाटल्या. सुट्टीच्या दिवशीही वहिनी बाटल्यांना खाऊ घालायला जायची. चित्रकलेच्या बाई अधूनमधून घरी यायच्या, नेहमी एकच विचारायच्या, "झाली का गं माझी टेस्ट?" वहिनी म्हणायची, "होईल. थोडं थांब." आणि त्या म्हणायच्या, "मला काय घाई आहे? मी आता बरी आहे. पुढच्या बाईसाठी विचारते."

सरांनी एका मोठ्या परिषदेत या पट्टीवर बोलायचं ठरवलं. सारांश पाठवला, तो स्वीकारलाही गेला. तपासणीची किट बनवणाऱ्या एका कंपनीची माणसं येऊन काचा पाहून गेली. त्यांतल्या एकानं वहिनीला विचारलं, "याला नाव काय देणार?" वहिनी म्हणाली, "आधी ते काय आहे ते तर कळू दे." ती माणसं हसली. त्यांना तो विनोद वाटला.

अशात वासराचं सीरम संपत आलं, तळाशी थोडंसंच उरलं. नवं मागवलं ते कुठंतरी गोदामात अडकलं. शेजारच्या लॅबमधून उसनं मिळालं ते घोड्याचं होतं. परजीवींना ते चाललं. त्यांनी नाक मुरडलं नाही, वाढले भरपूर. वहिनीनं चरबी काढली, काच चढवली, फवारा मारला, तापवली. पट्टी होती. पण जागेवर नव्हती, थोडी खाली उतरली होती.

"काच वाकडी ठेवली असेल," सर म्हणाले.

तिनं पुन्हा केलं. पुन्हा खाली.

"द्रावणाचं प्रमाण चुकलं असेल. मॅडम, आता परिषद तोंडावर आलीय, या वेळी जरा लक्ष देऊन करा."

जरा लक्ष देऊन! घरी येऊन तिनं हे वाक्य इतक्या वेळा म्हटलं की बाबांनाही पाठ झालं. "मी काय आजवर डोळे मिटून करत होते? दीड वर्ष पट्टी जागेवर येत होती तेव्हा मी लक्ष देत होते, आणि आता खाली आली तर माझं लक्ष नाही!" ती माझ्या खोलीत येऊन पलंगावर बसली. मी चादरींच्या घड्या घालत होते. तिनं एक चादर माझ्या हातातून ओढून घेतली आणि वाकडीतिकडी घडी घालू लागली.

"अगं, बदललंय काय?" मी विचारलं. मला त्यातलं काही कळत होतं असं नाही. दुकानात गिऱ्हाईक म्हणतं दिसत नाही, तेव्हा मी हेच विचारते.

"काही नाही बदललं. तेच परजीवी, तीच काच, तेच द्रावण. फक्त सीरम..." ती थांबली. चादर तिच्या मांडीवर तशीच राहिली. "पण ते तर आपण धुतो. धुतलेलं पाणी कोरं असतं."

"मग?"

"मग काही नाही," ती म्हणाली, आणि उठून गेली. तिचा चेहरा मात्र पार उतरला होता. वर्गात एखाद्या हुशार मुलानं भलतंच उत्तर दिलं आणि ते बरोबर निघालं, तर बाईंचा जसा होतो तसा.

दुसऱ्या दिवशी तिनं परजीवींना हातच लावला नाही. उरलेलं वासराचं सीरम घेतलं, घोड्याचं सीरम घेतलं, आणि परजीवी नसलेल्या त्या दोन पाण्यांतूनच चरबी काढली. दोन थेंब शेजारी शेजारी टेकवले. काच तापली तेव्हा वासराच्या सीरमची पट्टी वर आणि घोड्याच्या सीरमची थोडी खाली, दोन पट्ट्या तिच्याकडे बघत होत्या. ती पट्टी परजीवीची नव्हतीच. कधीच नव्हती. वासराच्या रक्तातली साखरेची चरबी परजीवीनं उचलून स्वतःच्या पदरात बसवून घेतली होती. नुसती अंगाला लागलेली असती तर धुवून गेली असती. ही त्यानं अंगात विणून घेतली होती, म्हणून धुतलेलं पाणी कोरं.

वहिनी म्हणाली, की तिला आधी हसू आलं. मग तिनं ती काच धुण्याच्या बेसिनमध्ये टाकायला हात उचलला, आणि शेवटी तशीच हातात धरून सरांच्या खोलीकडे गेली.

सर फोनवर होते. त्यांनी हातानं बसायची खूण केली. ती बसली नाही. फोन संपल्यावर तिनं काच टेबलावर ठेवली आणि काय केलं ते सांगितलं.

"शक्य नाही," सर म्हणाले. "तुम्ही धुतलेलं पाणी तपासलं होतं."

"तपासलं होतं. धुवून जाईल अशी ती नाहीच आहे."

"मॅडम, सीरममध्ये हजार गोष्टी असतात. एखादी त्याच उंचीवर येत असेल. योगायोग."

"आणि वासराऐवजी घोडा आला की पट्टीही बदलते, हाही योगायोग?"

"तुम्हाला शंका काढायची सवय आहे."

"सर, मी शाळेत मुलांच्या सबबी ऐकण्यात आयुष्य घालवलंय. वही घरी राहिली, वही पावसात भिजली, वही भावानं फाडली. या तिन्ही सबबी एकाच दिवशी आल्या की समजायचं, अभ्यास केलेला नाही. गेले पंधरा दिवस आपण काच वाकडी, प्रमाण चुकलं, लक्ष नव्हतं, असं म्हणतोय."

सरांनी काच पुन्हा जवळ ओढली. मग म्हणाले, "सारांश छापायला गेलाय."

"मला माहीत आहे."

"कंपनीची माणसं पुढच्या महिन्यात येताहेत."

"येऊ देत. पण त्यांना हेही सांगावं लागेल की ही चरबी तुमच्या-माझ्या रक्तातही जवळपास अशीच असते. तिच्यावर टेस्ट केली तर जो माणूस समोर येईल तो आजारी ठरेल. तुम्ही, मी, ते स्वतः."

सर तिच्यावर ओरडले नाहीत, याचं तिला पुढं कायम कौतुक वाटत राहिलं. ते इतकंच म्हणाले, "परजीवी सीरमशिवाय वाढवून दाखवा. पट्टी गेली तर मानतो. मग त्यांना पुन्हा सीरम द्या. पट्टी परत आली तर पूर्ण मानतो."

मागणी रास्त होती आणि म्हणूनच जास्त वैताग आणणारी होती. सीरमशिवाय ते परजीवी जगेनात. एकदम बंद केलं तर दोन दिवसांत बाटली गढूळ आणि सगळे आडवे. मग तिनं थोडं थोडं कमी करत नेलं. आज एक थेंब कमी, चार दिवसांनी आणखी एक. ते सुस्तावायचे, पोहायचे थांबायचे, तळाशी जाऊन बसायचे. वहिनी सूक्ष्मदर्शकात डोळा घालून त्यांना शिव्या द्यायची. लॅबमधली मुलं तिच्या मागं उभी राहून ऐकायची, कारण शाळेतल्या बाईंच्या शिव्या त्यांनी आधी ऐकल्या नव्हत्या. "ऐतखाऊ मेले" ही त्यांतली सौम्य.

शेवटी एक बाटली तगली. तिच्यातल्या चरबीची काच चढवली तेव्हा सर स्वतः येऊन शेजारी बसले. तापवलेल्या काचेवर खालच्या जुन्या पट्ट्या हळूहळू उमटल्या, ज्यांची सगळ्या जगाला माहिती होती त्याच. वरची जागा रिकामी होती. मग त्याच परजीवींना एक दिवस वासराचं सीरम दिलं, धुतलं, पुन्हा काच. वरची पट्टी परत आली, पहिल्यासारखी सरळ, गडद, देखणी.

सर उठले. मग त्यांनी कचऱ्याच्या डब्याला अशी लाथ मारली की तो भिंतीवर आपटला आणि हातमोजे खोलीभर पसरले. मुलं दारातून डोकावली. सरांनी वाकून एकेक हातमोजा उचलला, डबा जागेवर ठेवला आणि म्हणाले, "मॅडम, माझं लग्न मोडत होतं तेव्हाही मला इतका त्रास झाला नव्हता."

"मोडलं का?" वहिनीनं विचारलं.

"नाही. ती म्हणाली, मोडायलाही तू घरी असावा लागतोस."

वहिनी म्हणते की त्या एका वाक्यानं ती त्यांना माफ करून बसली. परिषदेच्या लोकांना फोन सरांनीच केला. सारांश मागं घेतला. कंपनीच्या माणसांनाही त्यांनीच सांगितलं, वहिनीला पुढं केलं नाही आणि तिच्यावर ढकललंही नाही. कंपनीची माणसं पुन्हा दिसली नाहीत.

चित्रकलेच्या बाईंना मात्र वहिनीलाच सांगावं लागलं. ते ती आठवडाभर टाळत राहिली. शेवटी त्या स्वतःच आल्या, आमच्या स्वयंपाकघरात स्टुलावर बसल्या, आणि त्यांनी तोच प्रश्न विचारायच्या आत वहिनी म्हणाली, "टेस्ट नाही होणार. ती पट्टी त्याची नव्हती. वासराची होती."

"वासराची?"

"त्याला जे खायला घालत होतो, त्यातली."

मग तिनं सगळं सांगितलं. बोलताना एकीकडे भाजी चिरत होती, आणि ज्या वेगानं चिरत होती ते पाहून मी तिच्या हातातून सुरी काढून घेतली. चित्रकलेच्या बाईंनी शांतपणे ऐकून घेतलं. "म्हणजे माझ्या अंगात होता तेव्हा त्यानं माझीही चरबी उचलली असेल?" त्यांनी विचारलं.

"उचलली असेल. बहुतेक."

"आणि साखरेचे मणीबिणी घालून मिरवत असेल."

"असेल."

"तरीच कोणाला सापडत नव्हता मेला." त्या हसल्या. मग हसू थांबलं आणि त्यांनी डोळे पुसले. वहिनीनं त्यांच्याकडे पाहिलं नाही. तिला कोणी रडायला लागलं की काय करावं ते कळत नाही, तिच्या आईचंही तसंच होतं. तिनं गॅस बंद केला, पुन्हा लावला.

"मी तुला उगाच आशा लावली," ती गॅसकडे बघत म्हणाली.

"तू कुठं लावलीस? मीच लावून घेतली. आणि ऐक, तू ती खोटी टेस्ट बाजारात जाऊ दिली असतीस आणि एखाद्या धडधाकट बाईला कोणी त्या औषधांवर ठेवलं असतं ना, तर मी तुझ्याशी बोलले नसते. ती औषधं मी घेतलीत. तू नाहीस."

वहिनीनं ताटं घेतली. आम्ही तिघी जेवलो.

पुढं दोन-तीन महिने वहिनी घरात फार वाईट वागली. दादाच्या घोरण्यावर, दुधाच्या पिशवीवर, फाटकाच्या कडीवर, सगळ्यावर तिचा वैताग. एकदा तर बाबांनी सल्ला द्यायला तोंड उघडलं आणि तिच्याकडे बघून मिटलं. ते आम्ही आधी कधी पाहिलं नव्हतं. सोडून द्यायचा विचार तिनं खरंच केला. शाळेला विचारूनही पाहिलं, पण तिच्या जागी दुसरी शिक्षिका आली होती आणि मुलांना ती आवडत होती. हेही वहिनीला लागलं.

मग सरांनीच एक दिवस तिला विचारलं, "परजीवी दुसऱ्याची चरबी घेतो, हे तर खरं आहे ना?"

"खरं आहे."

"किती वेळात घेतो? कुठली घेतो, कुठली नाकारतो? घेतली तर टिकवतो किती? यावर लिहा."

"हे कोणाला हवंय?"

"कोणालाच नकोय. पण आपल्याकडे फक्त हेच आहे."

तिनं त्यावर लिहिलं. कंटाळवाणं, नेटकं काम. कोणत्या प्राण्याचं सीरम दिलं की कोणती पट्टी येते, सीरम काढून घेतलं की ती किती हळू विरते. तोंडी परीक्षेला बाहेरून आलेल्या परीक्षकांनी चष्मा कपाळावर चढवून विचारलं, "या सगळ्याचा रोग्याला उपयोग काय?"

वहिनीनं उत्तर पाठ करून ठेवलं होतं, चांगलं लांबलचक. ऐन वेळी ते तिला नकोसं झालं. "आज काहीच नाही," ती म्हणाली. "मला खूप हवा होता. नाही झाला." सर मागच्या रांगेत बसले होते. त्यांनी मान खाली घातली. परीक्षकांनी चष्मा पुन्हा नाकावर घेतला आणि पुढचा प्रश्न विचारला. पदवी मिळाली.

मी तिला नंतर म्हटलं, "अगं, काहीतरी बरं सांगायचं होतंस."

"काय सांगायचं होतं? खोटं?"

आता ती एका कॉलेजात पहिल्या वर्षाच्या मुलांना शिकवते. पगार शाळेपेक्षा जरासाच जास्त, वैताग तेवढाच. मध्यंतरी दूरच्या कुठल्याशा लॅबमधल्या एका मुलीनं तिला लिहिलं की आम्हालाही परजीवीत एक नवी पट्टी दिसतेय, आपला प्रबंध वाचला, काय करू? वहिनीनं तिला फोन करून तासभर झापलं. आधी सीरमची काच चढव, मग माझ्याशी बोल. त्या मुलीनं चढवली. पट्टी सीरमची निघाली. तिनं रडत फोन केला तर वहिनी तिला म्हणाली, "रड. एक दिवस रड. आणि परवा बाटल्यांचं खाणं बदल, नाहीतर ते मरतील." मग फोन ठेवून माझ्याकडे वळून म्हणाली, "यांना हे पहिल्या दिवशी का कोणी सांगत नाही?"

लॅब सोडायच्या दिवशी मी तिला आणायला गेले होते. तिच्या नावच्या बाटल्या शेवटच्या काढायच्या होत्या. नियमानं त्यांत ब्लीच ओतून सगळं मारून मगच फेकायचं. तिनं हातमोजे चढवले, बाटल्या बेसिनमध्ये ओळीनं उभ्या केल्या आणि एकेकीत ओतत गेली. गुलाबी पाणी पिवळं झालं, मग पांढरट. एका बाटलीवर कोणीतरी चिठ्ठी लावली नव्हती, त्यावरून तिनं एका मुलाला बोलावून सुनावलं. तो 'हो बाई, हो बाई' करत निघून गेला.

"वाईट वाटतंय का?" मी विचारलं.

"वाईट कसलं? इतकी वर्षं यांचं खाणंपिणं बघितलं, आजारपणं काढली, सुट्टीच्या दिवशी येऊन बाटल्या बदलल्या. एकानं धड उत्तर दिलं नाही." तिनं शेवटची बाटली उलटी केली, हलवून पाहिली. तळाशी काहीतरी चिकटलं होतं. "आणि हे बघ, आता निघतही नाही."

तिनं ब्रश शोधायला कपाट उघडलं. ब्रश नव्हता. तो कोणी नेला यावरून पुन्हा सुरुवात झाली, आणि मी स्टूल ओढून बसले.